डबा की टोपी

आमच्या फ्रिजवर चार ट्रॉफ्या आहेत. चारही तिसऱ्या क्रमांकाच्या. प्रत्येकीच्या टोकावर एक सोनेरी प्लॅस्टिकचा माणूस पळतोय, आणि माणूस म्हणजे पुरुषच: सपाट छाती, दंडात गोळे, अर्धी चड्डी. त्याच्या पायाखालच्या पट्टीवर लिहिलंय ‘महिला गट’. पहिली तीन वर्षं मला यात काही वावगं दिसलं नव्हतं. चौथ्या ट्रॉफीवरचा माणूस आईने भिंतीकडे तोंड करून ठेवलाय. ती ट्रॉफी माझी नाही. जिची आहे तिने ती घेतली नाही, म्हणून ती आमच्याकडे धूळ खात पडली आहे.

इंदिरानगरच्या जॉगिंग ट्रॅकवर आमचा एक ग्रुप आहे. ग्रुप म्हणजे वीसेक माणसं पळतात आणि चाळीसेक माणसं बाकांवर बसून त्यांच्या पळण्याबद्दल मत देतात. हा ग्रुप दर जानेवारीत दहा किलोमीटरची शर्यत भरवतो. ट्रॅकपासून निघून पाथर्डी फाट्यावरून लेण्यांच्या पायथ्यापर्यंत जायचं, वळसा घालायचा आणि परत यायचं. शर्यत सुरू केली ती पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेल्या एका काकांनी. ते आमचे अध्यक्ष. पहिल्या वर्षी बायका फिरकल्याच नाहीत, म्हणून अध्यक्षकाकांच्या बायकोने, म्हणजे काकूंनी, युक्ती काढली: संक्रांतीचं हळदीकुंकू शर्यतीतच उरकायचं.

तेव्हापासून आमच्या फिनिश लाइननंतर दोरीने आखलेल्या दोन वाटा असतात. उजवीकडची पुरुषांची. तिकडे टोपी मिळते. डावीकडची बायकांची. तिकडे टेबल, टेबलावर काकू, काकूंच्या हातात करंडा आणि मागे वाणाच्या स्टीलच्या डब्यांची उतरंड. दहा किलोमीटर पळून घामाने थबथबलेल्या कपाळावर कुंकू टेकवलं की ते नाकावरून खाली उतरतं. फिनिशचे फोटो बघितले तर बायकांच्या शर्यतीत दगडफेक झाली असं वाटतं. छातीवर लावायच्या नंबराच्या तळाशी कूपन असतं. गुलाबी नंबरावर ‘डबा’, निळ्यावर ‘टोपी’.

हे डबे आमच्या घरात महत्त्वाचे आहेत. मी आठवीत असताना बाबा गेले. त्यानंतर काही वर्षांनी ही शर्यत सुरू झाली, आणि हळदीकुंकवाच्या पहिल्या वर्षी आई पळून त्या टेबलापाशी आली तेव्हा काकूंचा हात मध्येच थांबला. मागे रांग लागलेली. आई म्हणाली, “कुंकू राहू द्या. नवरा गेला, डबा का जाईल?” काकूंनी घाईने दोन डबे दिले. पुढच्या वर्षीपासून नियम झाला की डबा प्रत्येकीला, आणि कुंकू जी कपाळ पुढे करेल तिला. आई कपाळ पुढे करते की नाही हे तिच्या मूडवर असतं. आमच्या सगळ्या डाळी त्या डब्यांत आहेत. आईच्या गळ्यात आता स्टॉपवॉच असतं. शर्यतीची वेळ तीच नोंदवते.

माझ्याबद्दल सांगण्यासारखं कमी आहे. मी बोलत नाही. इंग्रजी शाळेत शिकले, त्यामुळे एकोणऐंशी म्हणजे किती हे मला अजून मनातल्या मनात मोजावं लागतं, आणि त्यामुळेच कॉलनीतला प्रत्येक अर्ज माझ्याकडे येतो. पळायला मला आवडतं, कारण पळणाऱ्या माणसाला कोणी प्रश्न विचारत नाही. पहिल्या दोन क्रमांकांवर दर वर्षी अकादमीतल्या मुली असतात. त्या इतक्या पुढे असतात की मी पोहोचेपर्यंत त्यांची केळी खाऊन झालेली असतात. मग मी. तिसऱ्या क्रमांकाचं एक सुख आहे. भाषण पहिलीला करावं लागतं.

आता टेलरताई.

ती सुरगाण्याकडची. इथे येऊन तिला सहा-सात वर्षं झाली. आमच्या गल्लीच्या तोंडाशी तिचं ब्लाउज शिवण्याचं दुकान आहे, एक मशीन आणि एक गणपती मावेल एवढं. ती जन्माने मुलगा होती हे सगळ्यांना माहीत होतं आणि त्याबद्दल कोणी बोलत नव्हतं. निदान बायका तरी नाहीत, कारण तिच्यासारखी बाही बसवणारी दुसरी कोणी नव्हती. बाकावरच्या एका आजोबांनी तिला एकदा ट्रॅकवर अडवून विचारलं होतं, “काय गं, लेडीज का जेंट्स?”

“काय काम हाय त्यावर,” ती जागच्या जागी पळत म्हणाली. “तुमच्या प्यांटीला चेन लावायची असंल तर जेंट्स. आजीचा ब्लाउज असंल तर लेडीज.”

आजोबा नंतर खरंच पँट घेऊन गेले.

ती आमच्यात पळायला लागून वर्ष झालं असेल. मला ती ‘इंग्लिश’ म्हणायची. “ए इंग्लिश, खांदे सोड. इस्त्री करून ठेवल्यासारखी पळू नको.” ती पळता पळता बोलू शकते, मी श्वासही हिशेबाने घेते. एकदा चढावर ती मागे पडली, तेव्हा म्हणाली, “गोळ्या सुरू केल्यापासून असंच होतं बघ. चढ आला की कुणीतरी मागून पदर धरल्यागत वाटतं. पयले मी हा चढ गात गात चढायचे.” गोळ्या कसल्या हे मी विचारलं नाही. तिने तरीही सांगितलं, डॉक्टरांच्या फीपासून मळमळीपर्यंत. मी मान हलवत राहिले. तिच्याशी मैत्री करणं सोपं होतं, कारण माझा वाटाही तीच बोलायची.

शर्यतीच्या फॉर्ममध्ये दोन रकाने होते. तिने ‘महिला’वर खूण केली आणि तिला गुलाबी नंबर मिळाला, खाली ‘डबा’. कोणी काही म्हणालं नाही. मग शर्यतीच्या दोन आठवडे आधी ग्रुपने सराव म्हणून पूर्ण दहा किलोमीटर पळून बघितलं. टेलरताई माझ्या अकरा सेकंद आधी आली.

आईने स्टॉपवॉचकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि परत स्टॉपवॉचकडे. घरी आल्यावर फ्रिजवरच्या ट्रॉफ्या पुसल्या. मग अध्यक्षकाकांना फोन लावला.

मीटिंग काकांच्या सोसायटीच्या पार्किंगमध्ये झाली. काका, काकू, आई, समितीतले आणखी दोघं आणि मी. मी समितीत नाही. मला नेहमीप्रमाणे इंग्रजीसाठी बोलावलं होतं.

“विषय नाजूक आहे,” काका म्हणाले. “म्हणून आधी चहा घेऊ.”

“नाजूक काही नाही,” आई म्हणाली. “माझ्याकडे टाइम आहेत. तिचं सगळं मला मान्य आहे. ती ताई आहे, बाई आहे, जे म्हणेल ते आहे. पण शरीर लहानपणापासून पुरुषाचं घडलंय, ते गोळ्यांनी किती बदलणार? माझी पोरगी चार वर्षं पहाटे उठतेय.”

“अहो, पण ती माझे ब्लाउज शिवते,” काकू म्हणाल्या.

“ब्लाउज बाजूला ठेवा.”

“कसे ठेवू? परवा पुतणीचा साखरपुडा आहे.”

काका माझ्याकडे वळले. “जागतिक पातळीवर काय नियम आहेत? तू बघ गं. तुझं इंग्लिश आहे.”

मी फोनवर वाचलं. जगात एकमत नव्हतं. एका खेळात एक नियम, दुसऱ्या खेळात दुसरा. काही ठिकाणी कालपर्यंत परवानगी आणि आज बंदी. शास्त्रज्ञही आपसांत भांडत होते, फक्त त्यांचं भांडण तळटिपांसकट होतं. सगळे नियम मोठ्या स्पर्धांसाठी. हळदीकुंकू असलेल्या शर्यतीचा विचार कोणी केलेला नव्हता. आईचं म्हणणं मला खोटं वाटत नव्हतं आणि टेलरताईचा पदर मागून धरणारं कोणीतरी, तेही मी डोळ्यांनी बघितलं होतं. मोठ्या शर्यतीत काय न्याय्य आहे हे मला आजही माहीत नाही.

“टेस्टोस्टेरॉनची पातळी तपासतात असं दिसतंय,” मी एवढंच म्हणाले.

त्या पार्किंगमध्ये हा शब्द याआधी बहुधा उच्चारला गेला नसावा. समितीतले एक काका चहात पुन्हा साखर घालायला लागले.

“ते थायरॉइडसारखं असतं का?” काकूंनी विचारलं. “मला थायरॉइड आहे. मला मग कुठे टाकणार?”

“तुला कुठेही टाकत नाही. तू टेबलावर आहेस.”

“रिपोर्ट मागू या का तिच्याकडून?” साखरवाले काका म्हणाले.

“मागायचा तर सगळ्यांचा मागा,” आई म्हणाली. “माझ्या पोरीचापण मागा. घाबरते की काय ती!”

मी समोरच्या गाडीखाली जाता येईल का याचा अंदाज घेत होते.

शेवटी कोणाला तरी आठवलं की तिच्याकडे सरकारी ओळखपत्र आहे आणि त्यावर ‘ट्रान्सजेंडर’ असं लिहिलंय. काकांचा चेहरा उजळला. सरकारनेच सोडवलेलं गणित आपण कशाला परत सोडवायचं? तिसरा गट काढायचा. नाव काय द्यायचं? ‘इतर’. हा शब्द मी तोवर फक्त विजेच्या बिलात बघितला होता. त्या गटात ती एकटीच असणार होती. पण ट्रॉफीवाला तीनचा संच देतो, सुटी ट्रॉफी देत नाही, म्हणून ‘इतर’साठीही तीन ट्रॉफ्या सांगायच्या ठरलं.

मग सगळ्यात लांबलेली चर्चा झाली. हिला डबा द्यायचा की टोपी?

“डबा दिला तर ती बायकांत धरल्यासारखं होईल.”

“टोपी दिली तर पुरुषांत.”

“दोन्ही द्या.”

“मग सगळेच म्हणतील, आम्हालापण दोन्ही.”

“की-चेन देऊ या?”

“संक्रांतीला की-चेन?” काकू भडकल्या.

अर्ध्या तासाने काका म्हणाले, “त्या दिवशी बघू.” आमच्या शर्यतीचे निम्मे निर्णय असेच झालेले आहेत.

या सगळ्या वेळात माझ्याकडे एक वाक्य तयार होतं, मराठीत आणि इंग्रजीतही. तिसरा क्रमांक माझा जातोय आणि माझी काही तक्रार नाही, एवढंच. मी ते बोलले नाही. लाजाळू आहे म्हणून, असं मी स्वतःला सांगितलं. खरी गोष्ट अशी की मला तो तिसरा क्रमांक हवा होता.

“आता तिला एक पत्र देऊन टाक,” काका मला म्हणाले. “इंग्लिशमध्ये.”

आमच्याकडे अशी समजूत आहे की मराठीत पत्र दिलं तर माणूस भांडायला येतो, इंग्रजीत दिलं तर घडी घालून ठेवतो. पार्किंग, गळती, कुत्रा, सगळ्या कडू गोष्टी सोसायटीत इंग्रजीत होतात आणि बहुतेक माझ्या हातून होतात. हेही मी लिहिलं. चांगलं लिहिलं. एका वाक्यात दोन अर्धविराम होते आणि दोन्ही योग्य जागी. गुलाबी नंबर रद्द, पांढरा नंबर देण्यात येईल, प्रमाणपत्रावर ‘इतर’ असा उल्लेख राहील. खाली काकांची सही.

पोहोचवायलाही मलाच पाठवलं.

टेलरताई मशीनवर होती, ओठांत टाचण्या. पत्र उघडलं, बघितलं आणि मला परत दिलं. “वाच. मराठीत.”

मी वाचलं. “समितीला कळवण्यास आनंद होतो की—”

“आनंद कुणाला झाला?”

“तसं लिहितात.”

“बरं. फुडं.”

मी पुढे वाचत गेले. ती पायाने मशीन चालवत राहिली. मी थांबल्यावर मशीनही थांबलं. तिने टाचण्या एकेक काढून उशीला टोचल्या.

“डबा देणार का टोपी?”

“ते ठरलं नाही अजून.”

ती इतकी हसली की बाहेरून जाणाऱ्या बाईने आत डोकावलं. मग तिने मशीनखालच्या खणातून मापांची वही काढून माझ्यासमोर आपटली. “अख्ख्या कमिटीच्या बायका हाय ह्यात. कुणाची छाती किती, कुणाची कंबर दोन वर्षांत कुठं गेली. बोलले का मी कधी कुठं? आन् माझंच माप घ्यायला एवढी माणसं बसली व्हय, खुर्च्या टाकून?”

मी गणपतीकडे बघत होते. त्याच्या शेजारी भिंतीत एक खिळा होता, रिकामा.

“आश्रमशाळेत व्हते तवा जिल्ह्यापर्यंत पळलेय मी. अनवाणी,” ती म्हणाली. “पेटीत लय सर्टिफिकिटं हाय. सगळ्यांवर जुनं नाव आन् खाली ‘मुलांचा गट’. ती लावू कशी? गिऱ्हाईक विचारंल, हा पोरगा कोण? काय सांगू, भाऊ हाय माझा?” तिने खिळ्याकडे बोट केलं. “तो खिळा मी फॉर्म भरला त्याच दिवशी ठोकला. मला तुझा नंबर नको, इंग्लिश. शंभरावी येऊ दे. कागदावर माझं आत्ताचं नाव आन् फुडं ‘महिला’ पायजे. बास.”

“पळणार ना पण तुम्ही?”

“पळणार नाय तर काय? नवे बूट घेतलेत.”

ते पत्र मी लिहिलंय हे मी सांगितलं नाही.

शर्यतीच्या सकाळी थंडी होती. टेलरताईच्या छातीवर पांढरा नंबर होता आणि त्याच्या तळाशी कूपनच नव्हतं. पाथर्डी फाट्यापर्यंत आम्ही बरोबर होतो. लेण्यांच्या पायथ्याशी वळसा घेताना ती म्हणाली, “खांदे,” आणि मी खांदे सोडले. येताना चढावर ती मागे पडली, सपाटीवर परत आली. शेवटच्या किलोमीटरला तिने माझ्याकडे बघितलं, “चल ना, काय बघती,” म्हणाली आणि निघून गेली. मी पूर्ण जोर लावला होता. हे लिहून ठेवते, नाहीतर वाटेल की मी तिला जाऊ दिलं.

मी फिनिश लाइन ओलांडली तेव्हा ती पुढे दोन दोऱ्यांच्या मध्ये उभी होती, जिथून वाटा फुटतात तिथे. तिथे नेमलेला स्वयंसेवक एकदा डावीकडे हात करत होता, एकदा उजवीकडे, आणि म्हणत होता, “थांबा जरा, विचारून येतो.” उजवीकडून पुरुष टोप्या घालून जात होते. डावीकडे काकू करंडा घेऊन, तिनेच शिवलेल्या ब्लाउजमध्ये, तिच्याकडे बघत नव्हत्या. ती कमरेवर हात ठेवून धापा टाकत होती. दहा किलोमीटर पळून आलेल्या माणसाला कुठेतरी जाऊन बसायचं असतं.

स्वयंसेवकाने मला डावीकडे हात केला. मी गेले. थांबले नाही. कपाळ पुढे केलं, डबा घेतला.

बक्षीस समारंभात काका नेहमी शेवटून सुरुवात करतात, उत्सुकता वाढावी म्हणून. महिला गट, तृतीय क्रमांक: मी. टाळ्या. आईची शिट्टी. ती तोंडात बोटं घालून शिट्टी मारते, मला दर वर्षी मेल्याहून मेल्यासारखं होतं. मग काकांनी पुढचा कागद घेतला.

“इतर गट. तृतीय क्रमांक...” त्यांनी सवयीने पॉज घेतला. “कोणी नाही.” कोणीतरी हसलं. “द्वितीय क्रमांक...” आणि काकांना थांबता आलं नाही, सवयच ती, “कोणी नाही. आणि प्रथम क्रमांक!”

तोवर सगळेच हसत होते. टेलरताई तीन पायऱ्यांच्या त्या स्टँडवर चढली, मधल्या पायरीवर. दोन्ही बाजूंना बघितलं. माइकशिवायही ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, “सरका जरा, लय गर्दी झाली.” मग खाली उतरली, ट्रॉफी टेबलावर उरलेल्या दोन्हींच्या शेजारी ठेवून दिली आणि निघून गेली. हसणारे गप्प झाले. पोह्यांच्या रांगेत मात्र पुन्हा बोलायला लागले, कारण पोहे संपत आले होते.

त्यानंतरचं काम माझं. शर्यत संपली की मी लॅपटॉप आणि प्रिंटर घेऊन बसते आणि प्रत्येकाचं प्रमाणपत्र छापते. माझ्यासमोर दोन गोष्टी होत्या. एक, जाड कागदांचा गठ्ठा, ज्यावर काकांनी आदल्या दिवशीच सह्या करून ठेवल्या होत्या, कारण दर वर्षी त्या दिवशी त्यांचा हात दुखतो. दुसरी, आईची वही. आई कुणाबद्दल काहीही बोलेल, पण घड्याळाची नोंद खोटी करणार नाही. वहीत फक्त दोन रकाने होते, नंबर आणि वेळ. टेलरताईचा नंबर माझ्या नंबराच्या वर होता. चौदा सेकंद.

गटाचा रकाना लॅपटॉपवर मी भरायचा असतो.

मी आजूबाजूला बघितलं. मला वाटतं मी आयुष्यात पहिल्यांदा कोणालाही न विचारता काही केलं, आणि विचारायची गरजही नव्हती, कारण यात ट्रॉफी गमावणारी बाई एकच होती आणि ती प्रिंटरसमोर बसली होती. आधी तिचं छापलं. नाव, ‘महिला गट’, तृतीय क्रमांक, वेळ. मग माझं. ‘महिला गट’, चौथा क्रमांक. प्रिंटरने माझा कागद अडकवला. तो मी ओढून काढला आणि परत छापला.

दुपारी मी दुकानात गेले. तिचं प्रमाणपत्र आणि माझी ट्रॉफी, दोन्ही घेऊन. तिने कागद दोन्ही हातांनी धरला. मराठी होता, त्यामुळे वाचायला माझी गरज नव्हती. तिने तो दोनदा वाचला. मग खांद्यावरच्या टेपने त्याची लांबी-रुंदी मोजली, फ्रेमसाठी.

“चोरून केलं ना?”

“हो.”

“सही खरी हाय?”

“हो.”

“आन् ते पत्र पण तूच लिहिलं व्हतं.”

मी ट्रॉफी मशीनवर ठेवली.

“वाचताना एकदापण अडखळली नव्हतीस,” ती म्हणाली. “आनंद पण तुझाच ना तो?”

“तसं लिहितात,” मी म्हणाले, आणि मग, “चुकलं माझं.”

“चुकलंच.” तिने ट्रॉफी उचलली, वरच्या सोनेरी माणसाला उलटसुलट करून बघितलं आणि माझ्या हातात परत दिली. “हा नको मला. एवढं करून परत पुरुषच लावू व्हय भिंतीला?”

चार दिवसांनी काकू मापं द्यायला गेल्या आणि गणपतीशेजारची फ्रेम बघून आल्या. संध्याकाळी काकांनी मला ट्रॅकवर गाठलं. “हे कसं काय झालं? खाली सही माझी आहे!”

मराठीत मी दोन वाक्यांत रडले असते. म्हणून मी इंग्रजीत सांगितलं. सहभागी व्यक्तीने मूळ नोंदणी अर्जात नमूद केलेला प्रवर्ग ग्राह्य धरण्यात आलेला असून, अध्यक्षांच्या स्वाक्षरीने प्रमाणपत्र निर्गमित झाल्यानंतर त्यात फेरबदल करण्याची तरतूद अस्तित्वात नाही, अशा अर्थाचं. मध्ये कुठेही श्वास घेतला नाही.

“असं होय,” काका म्हणाले आणि चालायला लागले.

आईला मी सांगितलंच नव्हतं. माझं प्रमाणपत्र मी गादीखाली ठेवलं होतं. तिला काकूंकडून कळलं. मी ऑफिसातून आले तेव्हा ते प्रमाणपत्र जेवणाच्या टेबलावर होतं आणि फ्रिजवरचा चौथा माणूस भिंतीकडे तोंड करून उभा होता.

“चौथी आलीस?”

“हो.”

“मी वेळ लिहिली तेव्हाच दिसलं होतं मला,” ती म्हणाली. मग बराच वेळ कुकरशी भांडत राहिली. दुसऱ्या दिवशी बघितलं तर मी या वर्षी आणलेला डबा फळीवर नव्हता. विचारलं तर म्हणाली, “दिला तिला. हुक आणि बटणं ठेवायला काही नाही तिच्याकडे. परत आणायचाय, सांगून ठेवलंय.” त्याला आता तीन महिने झाले.

पुढच्या वर्षीच्या फॉर्ममध्ये किती रकाने असावेत यावर काकांनी एक उपसमिती नेमली आहे. तिची पहिली बैठक व्हायची आहे. मला इंग्रजीसाठी बोलावलंय. या वेळी मी मराठीत तयारी करतेय.

दरम्यान, गेल्या रविवारी आई तिच्या स्टॉपवॉचसकट ट्रॅकच्या टोकाला उभी होती. टेलरताई आधी आली, मग मी.

“अजूनही आठ सेकंद,” आई माझ्यावर ओरडली. “उद्यापासून पाच वाजता उठायचं. हसतेस काय?”

“मावशी, माझं किती?” टेलरताईने गुडघ्यांवर हात ठेवून विचारलं.

आईने तिच्याकडे न बघता वही उघडली, वेळ लिहिली आणि मोठ्याने वाचून दाखवली.

“चढावर मार खातेस तू,” ती म्हणाली. “दोघीही या पाचला.”